न दिसणारा जाळ

मागच्या मे महिन्यातली गोष्ट. पारोळ्यात दुपारी पारा ४४ वर गेलेला, रात्री दहा वाजले तरी भिंतीला हात लावला की धग लागायची, आणि त्यात लाइट गेली. मग मी आणि आप्पा (माझे वडील) बाज आणि गोधड्या घेऊन धाब्यावर गेलो. आमचं जुनं घर अजून धाब्याचंच आहे, वरून पाणी मारलं की तासाभरात अंग टेकण्याइतकं गार होतं. महिन्याचा शेवटचा रविवार होता, तिकडे अमेरिकेत इंडियानापोलिसला इंडी ५०० ही गाड्यांची रेस सुरू व्हायची वेळ झालेली, आपल्याकडचे साधारण सव्वादहा. मला ती लाइव्ह बघायची होती पण नेट काही धड चालेना, मग मोबाईलमध्ये डाउनलोड करून ठेवलेली १९९१ ची जुनी रेस लावली आणि पालथा पडून बघत बसलो.

आप्पांनी २९ वर्षं ट्रक चालवलाय. जिनिंगमधून कापसाच्या गाठी भरायच्या आणि सुरत, कधी इचलकरंजी, कधी पार कोइमतूर. आता घरीच असतात, गुडघे धरलेत, पण गाडीचा आवाज आला की मान आपोआप वळते. मोबाईलमधून ते इंजिनांचं किंचाळणं ऐकलं आणि अंधारातून विचारलं, "काय देखी ऱ्हायना रे भो?"

मी म्हटलं, आप्पा, हा रिक मिअर्स.

मग ते बाजेवर उठून बसले आणि मी त्यांना पहिल्यापासून सगळं सांगायला घेतलं, लाइट येईपर्यंत. तेच इथं लिहून ठेवतोय. आपल्याकडे रेसिंग म्हटलं की फॉर्म्युला वन, शूमाकर, हॅमिल्टन, एवढंच. मिअर्सचं नाव आमच्या अख्ख्या ग्रुपमध्ये एकालाही माहीत नव्हतं आणि मला ते खरंच मनाला लागतं, कारण गाडी कशी चालवावी हे मला ज्या दोन माणसांकडून कळलं त्यातला एक हा आहे आणि दुसरे आप्पा.

आधी थोडं या रेसबद्दल. ही ओपन व्हील गाड्यांची रेस. ओपन व्हील म्हणजे चाकं उघडी असलेली गाडी, वर मडगार्ड नाही काही नाही, चारही चाकं बॉडीच्या बाहेर. दोन गाड्यांची चाकं एकमेकांना घासली की मागचं पुढच्यावर चढतं आणि गाडी हवेत, त्यामुळे शेजारून जायचं तर मन शांत लागतं. इंडियानापोलिसचा ट्रॅक अडीच मैलांचा, म्हणजे चार किलोमीटरचा, चार वळणं, चारही डावीकडे. असे २०० फेरे. ५०० मैल म्हणजे ८०५ किलोमीटर झाले, पारोळ्याहून मुंबईला जाऊन परत आलात तरी थोडे उरतील, आणि हे लोक ते तीन तासांच्या आसपास संपवतात. ३३ गाड्या एकदम सुटतात. जिंकणाऱ्याला दुधाची बाटली देतात प्यायला. आप्पांना ही दुधाची गोष्ट भलती आवडली.

तर मिअर्स. जन्म १९५१ चा, कॅन्सासमधल्या विचिटाचा, पण वाढला कॅलिफोर्नियात बेकर्सफील्डला. हे गाव मी मॅपवर कितीदा तरी बघितलंय. रखरखीत ऊन, आजूबाजूला तेलाच्या विहिरी आणि कापूस. हो, कापूस! आप्पांनी लगेच विचारलं, "तठे बी कपाशी?" म्हटलं हो, एके काळी कापसासाठीच नावाजलेला भाग तो. तिथून पुढे आप्पा जरा जास्त लक्ष देऊन ऐकायला लागले, गाव ओळखीचं निघाल्यावर माणूसही ओळखीचा वाटतो ना तसं.

त्याचे वडील बिल मिअर्स, तेही तरुणपणी गाड्या पळवायचे. रिक आणि त्याचा मोठा भाऊ रॉजर वाळवंटात बग्गी पळवत मोठे झाले. डांबरी ट्रॅक नाही, धूळ आणि खड्डे. मला वाटतं त्याचा हात तिथंच बसला, कारण मातीवर गाडी तुमच्या मनासारखी कधीच जात नाही, ती घसरणारच, तुम्ही फक्त तिला कळू न देता सरळ करायचं. १९७६ मध्ये ओंटारिओ नावाच्या कॅलिफोर्नियातल्या ट्रॅकवर तो पहिल्यांदा इंडीकार, म्हणजे इंडी ५०० ला पळते तसली गाडी, चालवायला बसला, जुनी गाडी होती, तरी आठवा आला. पुढच्या वर्षी इंडियानापोलिसला गेला तर क्वालिफायच झाला नाही, ३३ मध्ये नंबरच लागला नाही.

पण रॉजर पेन्स्के या टीममालकानं त्याला हेरलं होतं. पेन्स्केचा मोठा ड्रायव्हर मारिओ अँड्रेटी १९७८ मध्ये फॉर्म्युला वनमध्ये गुंतलेला, तो नसेल तेव्हा गाडी चालवायला कोणीतरी हवा होता, म्हणून मिअर्सला अर्धवेळ घेतला. आपल्याकडे कसं, कायमचा ड्रायव्हर सुट्टीवर गेला की बदली ड्रायव्हरला गाडी मिळते आणि तो ती जिवापाड जपून चालवतो, तसं. त्या बदली पोरानं त्या वर्षी इंडियानापोलिसला पुढच्या रांगेतून सुरुवात केली आणि सीझन संपेपर्यंत तीन रेस जिंकल्या. पुढच्या वर्षी, १९७९ ला, इंडी ५०० जिंकली. वय २७. पोलवरून (म्हणजे सगळ्यात पुढच्या जागेवरून) निघाला होता पण सगळा वेळ पुढं नव्हता, आधी अल अन्सर पुढं, मग त्याचा भाऊ बॉबी अन्सर पुढं, हा मागं गप्प चालत राहिला. शेवटी शेवटी बॉबीच्या गाडीचा टॉप गियर गेला आणि मिअर्स पुढं निघून गेला.

लोक याला नशीब म्हणतील. आप्पा म्हटले, "गाडी ठेवनी म्हणीसन भेटनं त्याले." गाडी राखली म्हणून मिळालं. ट्रकवाल्याला हे सांगावं लागत नाही. कोंडाईबारीच्या घाटात सुरुवातीलाच दाबून चढणारे किती ट्रक वरती बोनेट उघडून उभे दिसतात, आप्पा खालच्या गियरमध्ये सावकाश चढायचे आणि त्यांच्या शेजारून निघून जायचे, हे मी लहानपणी केबिनमध्ये बसून बघितलंय.

आता १९८१. हे सांगताना मला थोडं मागं जावं लागेल.

मी धुळ्याला डिप्लोमाला होतो तेव्हा इंधनाच्या तासाला एका सरांनी स्पिरिटचा दिवा पेटवून खिडकीत उन्हात ठेवला. वर्गात असताना निळसर ज्योत दिसत होती, उन्हात नेली आणि गेली. दिवा विझला असंच सगळ्यांना वाटलं. मग सरांनी झाडूची एक काडी वरती धरली, काही नाही, काही नाही, आणि एकदम काडीचं टोक काळं होऊन वाकलं. मी पहिल्या बाकावर होतो, अंगावर काटा आला. सर म्हणाले मिथेनॉलचंही असंच. लाकूड, रॉकेल जळताना जो पिवळा जाळ दिसतो तो खरं तर काजळीचे कण तापून चमकतात त्याचा रंग, मिथेनॉल जळताना काजळी जवळपास होतच नाही, मग दिसणार काय, फिकट निळं काहीतरी, तेही उन्हात गायब. आणि मग सरांनी सांगितलं की अमेरिकेत रेसच्या गाड्या यावर चालायच्या आणि एकदा एक ड्रायव्हर न दिसणाऱ्या आगीत जळत होता. मी त्या रात्री हॉस्टेलवर तो व्हिडिओ शोधला. माझी आणि मिअर्सची ओळख ही अशी.

मिथेनॉल का वापरायचे, तर १९६४ च्या इंडी ५०० मध्ये दुसऱ्याच फेरीला मोठा अपघात झाला, पेट्रोलचा भडका उडाला, काळा धूर आभाळात, एडी सॅक्स आणि डेव्ह मॅकडोनल्ड हे दोन ड्रायव्हर गेले. त्यानंतर गाड्या मिथेनॉलवर गेल्या. त्याचा पेट्रोलसारखा भडका होत नाही, आणि मुख्य म्हणजे ते पाण्यात मिसळतं त्यामुळे साध्या पाण्यानं विझतं. चांगलाच निर्णय होता. फक्त जाळ दिसत नाही ही गोष्ट त्याच्यासोबत आली.

१९८१ च्या रेसमध्ये मिअर्स ५८ व्या फेरीच्या सुमाराला इंधन भरायला पिटमध्ये (ट्रॅकशेजारी गाड्या थांबतात ती जागा) आला. पाइप टाकीला नीट बसायच्या आधीच त्यातून इंधन सुटलं, गाडीवर, मिअर्सच्या अंगावर, आणि तापलेल्या इंजिनावर. पेटलं. व्हिडिओत तुम्हाला काय दिसतं, तर माणसं हात झटकतायत, उड्या मारतायत, पळतायत, आणि आग कुठंच नाही. मिअर्स गाडीतून बाहेर पडला, भिंतीवरून उडी मारली, हेल्मेटच्या आत आग, श्वास घेता येईना. ज्याच्या हातात आग विझवायचं नळकांडं होतं तो माणूसही गोंधळून पळाला, आणि त्याला मी दोष देत नाही, कारण समोर जाळच दिसत नसेल तर विझवायचं काय हे कोणाला कळेल. शेवटी ज्यांनी नळकांडं उचललं आणि रिकवरची आग विझवली ते त्याचे वडील. बिल मिअर्स.

चेहरा भाजला. नाकावर प्लास्टिक सर्जरी करावी लागली. त्यानंतर इंधनाच्या पाइपाचं तोंड बदललं, त्यात असा व्हॉल्व्ह बसवला की टाकीला पूर्ण बसल्याशिवाय थेंब बाहेर येणार नाही. आणि त्या वर्षीची चॅम्पियनशिप, म्हणजे सगळ्या सीझनचे पॉइंट मिळून, मिअर्सनंच जिंकली. १९७९ ला जिंकली होती, १९८१ ला जिंकली, १९८२ ला पण. भाजलेल्या वर्षी!

हे सांगून मी थांबलो तर आप्पा काहीच बोलेनात. मग त्यांनी डावा हात पुढं केला. अंधार होता पण मला तो हात पाठ आहे, अंगठ्यापासून मनगटापर्यंत कातडी गुळगुळीत, चकाकती, तिथं केस उगवत नाहीत. ही गोष्ट मी लहानपणापासून ऐकत आलोय पण त्या रात्री आप्पांनी ती पहिल्यांदा पूर्ण सांगितली.

मी तेव्हा तिसरीत असेन. आप्पा पन्नासेक गाठी भरून सुरतेकडे निघाले होते. एक गाठ १७० किलोची, लोखंडी पट्ट्यांनी आवळलेली, इतकी घट्ट की बोट जात नाही. जिनिंगमध्ये कापसातून कधी खडा जातो, कधी लोखंडाचा तुकडा, मशीनला घासून ठिणगी पडते, बहुतेक वेळा तिथंच लक्षात येतं. पण कधी ती ठिणगी कापसासोबत दाबली जाते आणि गाठीच्या पोटात जाऊन बसते. आत हवा नसते म्हणून पेटत नाही, विझतही नाही, धुमसत राहते, कधी कधी काही दिवस. बाहेरून गाठ एकदम पांढरीशुभ्र.

दहिवेलच्या पुढं एका टपरीवर चहाला थांबले. आप्पांची सवय, चहाच्या आधी गाडीभोवती एक चक्कर मारायची, टायरवर टॉमीनं (लोखंडी दांड्यानं) ठोकायचं, रस्सा ओढून बघायचा. चक्कर मारताना वास आला. धूर नाही, काही नाही, नुसता चिंधी जळाल्यासारखा वास, तोही वाऱ्यासोबत येतो न येतो. किन्नर (गाडीवरचा क्लीनर) म्हणाला कोणीतरी शेकोटी केली असेल. मालकाचा सकाळपर्यंत पोचायचा तगादा होता. आप्पांनी ताडपत्री सोडली आणि एकेका गाठीला तळहात लावत गेले. मागून तिसऱ्या थरातली एक गाठ कोमट लागली. भाकरी करून झाल्यावर अर्ध्या तासानं तवा कसा असतो तशी, असं ते म्हणाले. मग टपरीवरची माणसं बोलावली, फाळका पाडला, वरच्या गाठी उतरवल्या आणि ती एक लोटत लोटत रस्त्याखाली मोकळ्या वावरात नेली. पट्टी तोडली. तोडल्याबरोबर कापूस फुगला, आत हवा गेली आणि पोटातला लाल इंगळ एकदम उसळून वर आला. पट्टीजवळ हात होता तो असा भाजला.

बाकी सगळ्या गाठी वाचल्या, ट्रक वाचला, सकाळी नाही पण दुपारी सुरतला पोचला. भाड्यातून उशिराचे पैसे कापले. जळालेल्या गाठीचे पण कापले. आप्पांना त्या पैशांचं आजही वाईट वाटतं, आणि मला तर राग येतो, की ज्या माणसानं पूर्ण ट्रक वाचवला त्याच्या हाताला मलम लावायचे पैसे द्यायचे सोडून त्याच्याकडूनच वसूल केले.

आप्पा एवढंच म्हणाले, "दिसत नही तो जाळ वाईट."

पुढचं मी जरा भरभर सांगितलं, कारण बॅटरी उतरत होती. १९८२ ची इंडी ५००, ही तर आप्पांनी दोनदा सांगायला लावली. शेवटच्या पिट स्टॉपला मिअर्सच्या गाडीत टाकी भरून इंधन टाकलं, आणि त्याचा प्रतिस्पर्धी गॉर्डन जॉनकॉक, त्याच्या टीमनं शेवटपर्यंत पुरेल एवढंच टाकलं आणि सोडला. ते जे चार-सहा सेकंद जास्त गेले ना तेच नडले. मिअर्स मागून येतोय, प्रत्येक फेरीला अंतर कमी करतोय, शेवटच्या फेरीला चाकाला चाक, आणि जॉनकॉक ०.१६ सेकंदानं जिंकला. तोपर्यंतच्या इतिहासातला सगळ्यात कमी फरक. आप्पा हळहळले, "डिझेल जास्ती टाकी दिन्ह रे!" मोकळ्या रस्त्यावर टाकी फुल करून निघणं वेगळं आणि मुक्काम दिसत असताना उगाच वजन वाहणं वेगळं, हे त्यांना एका क्षणात कळलं, मला कळायला तीन व्हिडिओ लागले होते.

१९८४ ला तो दुसऱ्यांदा इंडी ५०० जिंकला, दोन फेऱ्यांच्या फरकानं, म्हणजे दुसरा नंबर चक्क आठ किलोमीटर मागं. आणि त्याच सप्टेंबरमध्ये कॅनडात क्विबेकला सॅनेअर नावाच्या छोट्या ट्रॅकवर सरावात गाडी कठड्यावर गेली आणि पुढचं नाक फाटलं. त्या काळच्या गाड्यांत ड्रायव्हरचे पाय पार पुढं, पुढच्या ॲक्सलच्याही पुढं असायचे. म्हणजे धडकेला पहिलं काय लागणार, तर पाय. दोन्ही पावलांचा चुरा. पाय कापावे लागतील अशी वेळ आलेली. इंडियानापोलिसला डॉक्टर टेरी ट्रॅमेल म्हणून हाडांचे सर्जन, रेसवाल्यांचे पाय जोडण्यात हयात घालवलेला माणूस, त्यांनी ते वाचवले.

मिअर्सच्या जागी १९८५ मध्ये पेन्स्केनं अल अन्सरला गाडी दिली, तोच अन्सर ज्याचं नाव वर आलंय. आणि त्या वर्षी चॅम्पियनशिपसाठी शेवटपर्यंत कोण लढलं, तर अल अन्सर आणि त्याचाच मुलगा अल अन्सर ज्युनिअर. बाप एका पॉइंटनं जिंकला. मी हे सांगितल्यावर आप्पांनी विचारलं की बापानं सोडलं का नाही, पोरगा होता ना. मी म्हटलं तुम्ही सोडलं असतं? खूप वेळ विचार करून म्हणाले, नाही, रस्त्यावर नाही सोडणार.

मिअर्स पण त्याच वर्षी परत आला, पण फक्त ओव्हल, म्हणजे लंबगोल ट्रॅकवर. रोड कोर्सवर (रस्त्यासारखी डावी-उजवी वळणं असलेल्या ट्रॅकवर) सारखा ब्रेक, सारखा क्लच, तेवढं पायाला झेपणारं नव्हतं. ऑगस्टमध्ये पोकोनो नावाच्या ट्रॅकवरची ५०० मैलांची रेस जिंकली. अपघाताला वर्षही झालं नव्हतं. मला त्याच्या चार इंडी ५०० पेक्षाही कधी कधी ही एक मोठी वाटते. सकाळी उठल्यावर पाय जमिनीवर टेकवताना काय होत असेल आणि हा त्याच पायानं ५०० मैल गाडी चालवतोय.

१९८८ ला तिसरी इंडी ५००. पोलवरून निघाला, पण रेसमध्ये गाडी वळणात नीट बसेना, मागं पडला, एक फेरी मागं गेला. इथं बाकीचे ड्रायव्हर चिडतात, गाडीवर जबरदस्ती करतात. यानं काय केलं तर प्रत्येक पिट स्टॉपला थोडं थोडं सांगत गेला, इथं हे कमी करा, तिथं ते वाढवा, आणि शेवटच्या टप्प्यापर्यंत गाडी अशी जुळवून आणली की कोणाला हाती लागला नाही. मला मिअर्सचं सगळ्यात जास्त हेच आवडतं. तो गाडीचं ऐकायचा. लोक त्याला रॉकेट रिक म्हणायचे, आणि क्वालिफायिंगमध्ये तो होताच तसा, इंडी ५०० ची पोल सहा वेळा, तो विक्रम अजून कोणी मोडलेला नाही. पण रेसमध्ये तो रॉकेट नव्हता, रेसमध्ये तो बैलजोडी ओळखणारा माणूस होता, कुठं हाकायची आणि कुठं कासरा सैल सोडायचा हे कळणारा.

आणि मग आम्ही मोबाईलवर जी बघत होतो ती १९९१. रेसच्या आधी सरावात गाडी भिंतीला लागली. इतक्या वर्षांत इंडियानापोलिसच्या भिंतीला तो पहिल्यांदाच धडकला होता. उजव्या पायाचं हाड मोडलं, तोच जुना चुरा झालेला पाय. त्यानं कोणाला फारसं कळू दिलं नाही, दुसऱ्या दिवशी राखीव गाडीत बसला आणि पोल घेतली, ताशी साधारण ३६० किलोमीटरच्या सरासरीनं. रेसमध्ये दुखणं इतकं वाढलं की अधूनमधून तो डावा पाय उजव्यावरून टाकून ॲक्सिलरेटर दाबायचा.

हे ऐकल्यावर आप्पांनी मोबाईल हातात घेतला, डोळ्यांजवळ धरला. "त्याना पाय दुखी ऱ्हायना," असं स्वतःशीच म्हणाले. त्यांनी रात्र रात्र उजव्या टाचेवर जोर देऊन गाडी चालवलीये, पहाटे उतरल्यावर पाय सरळ व्हायचा नाही, आई गरम पाण्याची बादली घेऊन बसायची. मी त्या स्क्रीनवर फक्त हेल्मेट बघत होतो, ते पाय बघत होते, जे दिसतच नव्हते.

शेवटचे पंधरा-वीस फेरे राहिले तेव्हा पिवळा झेंडा निघाला, म्हणजे सगळ्यांनी हळू, कोणी कोणाला मागं टाकायचं नाही, गाड्या जवळ आल्या, झेंडा उठला आणि १८७ व्या फेरीला मायकेल अँड्रेटीनं, मारिओचा मुलगा, पहिल्या वळणावर बाहेरच्या बाजूनं मिअर्सला मागं टाकलं. बाहेरून! तिथं बाहेरून जाणं म्हणजे भिंतीला गाल घासून जाणं. आप्पा म्हणाले, गया. मी काहीच बोललो नाही. पुढच्याच फेरीला, त्याच वळणावर, त्याच बाहेरच्या बाजूनं, मिअर्स गेला. मोडलेला पाय शेवटपर्यंत दाबलेला. मी हे पन्नास वेळा तरी बघितलंय आणि दरवेळी मूठ आवळली जाते. आप्पांनी बाजेच्या गातावर अशी थाप मारली की खाली आई जागी झाली.

तीनेक सेकंदांनी जिंकला. चौथी इंडी ५००. तेव्हा चार वेळा जिंकणारे फक्त दोन होते, ए. जे. फॉइट आणि अल अन्सर, हा तिसरा. पुढं २०२१ ला ब्राझीलचा हेलिओ कॅस्ट्रोनेव्हेस चौथा झाला, आणि तो पेन्स्केकडे असताना त्याला शिकवणारा, सांभाळणारा माणूस कोण, तर मिअर्सच.

पुढच्या वर्षी पुन्हा सरावात गाडी उलटली, मनगट गेलं, रेसही अर्धवट राहिली. त्या डिसेंबरला टीमच्या ख्रिसमस पार्टीत सगळे आनंदात असताना त्यानं उठून सांगितलं की मी थांबतोय. वय ४१. गाडी मिळत होती, टीम हो म्हणत होती, जिंकूही शकला असता. आप्पांनी विचारलं, का थांबला? मी म्हटलं मन भरलं असेल. आप्पांनी पण असंच एका दिवाळीला चावी आणून देवापुढं ठेवली होती, कोणाला न विचारता, आणि आम्ही कोणी त्यांना का ते विचारलं नव्हतं. मीही त्या रात्री विचारलं नाही.

लाइट आली तेव्हा साडेबारा वाजून गेले होते. खाली पंखा सुरू झाल्याचा आवाज आला. मी गोधडी गुंडाळायला लागलो तर आप्पा म्हणाले, ते आगीचं दाखव. मोबाईलमध्ये सहा टक्के उरले होते. मी १९८१ ची ती क्लिप लावली. गाडी थांबते, माणसं धावतात, मग एकदम सगळे हात झटकायला लागतात.

"जाळ कोठे शे?"

म्हटलं दिसत नाही आप्पा, तेच तर.

"आनि त्याना बाप?"

त्या गर्दीत, पांढऱ्या फवाऱ्यात, कोण कोणाचा बाप हे मला ओळखता येईना. मी तसं सांगितलं. आप्पांनी डाव्या हातानं मोबाईल माझ्याकडून घेतला, अगदी नाकाजवळ नेला आणि म्हणाले, "मांगे ले. अजून एकदाव मांगे ले."